लोदी उद्यान : राजधानीचा विसावा

दिल्ली पाहावयास येणाऱ्या प्रवाशाचा कार्यक्रम बहुधा ठरलेला असतो. लाल किल्ला, जामा मशीद, राजघाट, कुतुबमिनार आणि वेळ उरल्यास हुमायूनचा मकबरा, एवढे पाहून तो आग्र्याची वाट धरतो. नव्या दिल्लीच्या मध्यभागी सुमारे ९० एकरांवर पसरलेले लोदी उद्यान मात्र त्याच्या यादीत क्वचितच असते. ह्याचे नवल वाटावयास नको. हे उद्यान प्रवाशांपेक्षा दिल्लीकरांचे अधिक आहे. राजधानीचा कारभार ज्या माणसांच्या हातून चालतो, ती माणसे दिवसाचे ओझे खांद्यावर घेण्यापूर्वी घटकाभर येथे येतात. म्हणूनच ह्या शहराचे मन ज्याला ओळखावयाचे असेल, त्याने एक सकाळ लोदी उद्यानासाठी राखून ठेवावी.

येथे पोहोचणे अवघड नाही. मेट्रोच्या जोर बाग किंवा खान मार्केट ह्या स्थानकांवरून पायी पंधरा-वीस मिनिटांत उद्यानाच्या फाटकाशी येता येते. आत जाण्यास तिकीट लागत नाही. रस्त्यावरील वाहनांचा गलबला मागे पडतो न पडतो तोच निंब, अर्जुन आणि जांभूळ ह्यांची दाट सावली लागते. डोक्यावरून घारी घिरट्या घालीत असतात. एखाद्या फांदीवर करड्या रंगाचा धनेश आपली वाकडी चोच सावरीत बसलेला दिसतो. आणि मग वळण घेताच झाडांच्या शेंड्यांवरून वर आलेला एक भला मोठा घुमट एकाएकी दृष्टीस पडतो.

ह्या घुमटांचा इतिहास जाणून घेण्यासारखा आहे. त्यांतील सर्वांत जुनी वास्तू म्हणजे सय्यद घराण्यातील सुलतान मुहम्मद शाह ह्याची कबर. इ. स. १४४५च्या सुमारास त्याचा मुलगा अलाउद्दीन आलम शाह ह्याने ती बांधली. अष्टकोनी इमारत, सभोवार कमानींची ओसरी, कोपऱ्या-कोपऱ्याला उतरत्या चढणीचे भक्कम धिरे आणि वर मुख्य घुमटाभोवती लहान लहान छत्र्या, असे तिचे रूप आहे. पित्यासाठी एवढे सुंदर स्मारक उभारणाऱ्या आलम शाहला स्वतःला राज्यकारभाराचा भार काही पेलवला नाही. सरदारांची भांडणे, आटत चाललेला मुलूख आणि नित्याच्या कटकटी ह्यांना विटून तो दिल्ली सोडून बदायूंस निघून गेला. इ. स. १४५१ मध्ये त्याने बहलोल लोदीसाठी सिंहासनावरील हक्क सोडला आणि पुढे १४७८ साली मृत्यू येईपर्यंत तो बदायूंसच राहिला. सत्तेसाठी रक्त सांडण्याच्या त्या काळात सिंहासन आपण होऊन सोडून सत्तावीस वर्षे स्वस्थपणे जगणारा हा सुलतान विरळाच म्हटला पाहिजे.

उद्यानाच्या उत्तरेकडे तटबंदीने वेढलेली दुसरी अष्टकोनी कबर आहे, ती बहलोलचा मुलगा सिकंदर लोदी ह्याची. इ. स. १५१७ मध्ये तो वारल्यावर त्याचा मुलगा इब्राहिम ह्याने ती बांधविली. हा इब्राहिम आलम शाहच्या अगदी उलट वृत्तीचा. त्याने सरदारांशी वैर धरले, भाऊबंदांशी झगडा केला, कोणावर विश्वास टाकला नाही, आणि अखेर १५२६ साली पानिपतच्या रणात बाबराशी लढताना तो पडला. एकाने भार फेकून दिला, दुसऱ्याने तो एकट्याच्या मुठीत आवळून धरला. दोघांच्याही हातची कामे आज एकाच हिरवळीवर उभी आहेत, आणि त्यांच्या मधून सकाळची मंडळी फेऱ्या घालीत असतात.

ह्या दोन कबरींच्या मध्ये बडा गुंबद आणि शीश गुंबद ही जोडी समोरासमोर आहे. बड्या गुंबदाखाली कबर आढळत नाही. त्याला लागून असलेली मशीद १४९४ सालची असून तिच्या भिंतींवरील गचकाम बारकाईने पाहण्याजोगे आहे. शीश गुंबदाच्या माथ्याजवळ निळ्या झिलईच्या फरशा अजून काही ठिकाणी टिकून आहेत. सूर्याचे पहिले किरण त्यांवर पडले, की त्याला हे नाव का पडले असावे ते सांगावे लागत नाही. आत अनेक कबरी आहेत, परंतु त्या कोणाच्या हे निश्चितपणे ठाऊक नाही.

उद्यान म्हणून ह्या जागेचे वय मात्र फार नाही. ह्या वास्तूंच्या अवतीभवती खैरपूर नावाचे गाव वसले होते. ते तेथून हलविण्यात आले, जागा साफ करण्यात आली आणि ९ एप्रिल १९३६ रोजी तत्कालीन व्हाइसरॉयच्या पत्नीच्या नावाने 'लेडी विलिंग्डन पार्क' उघडण्यात आले. स्वातंत्र्यानंतर त्याला लोदी उद्यान हे नाव मिळाले. पुढे १९६८ मध्ये जोसेफ ॲलन स्टाइन आणि गॅरेट एक्बो ह्या रचनाकारांनी त्याला आजचे रूप दिले. आज आपण ज्या हिरवळीवर विसावा घेतो, तेथे एके काळी कोणाच्या चुली पेटत होत्या आणि त्या कुटुंबांना आपले बिऱ्हाड उचलावे लागले, ही गोष्ट विसरण्यासारखी नाही. एकाची विश्रांती पुष्कळदा दुसऱ्याच्या श्रमावर उभी असते. ह्या मुद्द्याकडे आपल्याला पुन्हा यावयाचे आहे.

योगायोग असा, की ज्या वर्षी हे उद्यान उघडले त्याच वर्षी, तीन महिन्यांच्या आत, माणसाच्या मनःशांतीशी जवळचा संबंध असलेली एक घटना दूर देशी घडली. ४ जुलै १९३६ च्या 'नेचर' ह्या शास्त्रीय नियतकालिकात हान्स सेली ह्या संशोधकाचे एक छोटेसे पत्र छापून आले. सेली हे व्हिएन्ना येथे जन्मलेले आणि कॅनडातील माँट्रिऑल येथे काम करणारे वैद्यकशास्त्रज्ञ. उंदरांवर प्रयोग करीत असता त्यांना असे दिसून आले, की थंडी, जखम, अतिश्रम, विषारी द्रव्य असा कोणताही त्रास दिला तरी शरीरात होणारे काही बदल सारखेच असतात. मूत्रपिंडावरील अधिवृक्क ग्रंथी फुगतात, रोगप्रतिकाराशी संबंधित ग्रंथी आक्रसतात आणि जठरात व्रण पडतात. त्रास निरनिराळे, परंतु शरीराचे उत्तर एक. ह्याच उत्तराला पुढे सेलींनी जे इंग्रजी नाव दिले त्याला आपण मराठीत 'ताण' म्हणतो.

आपल्या भाषेतील हा शब्द मोठा अर्थपूर्ण आहे. तंबूच्या दोरीला आपल्याकडे तणावा म्हणतात. तणावे ढिले पडले तर तंबू कोसळतो आणि वाजवीपेक्षा अधिक ओढले तर कापड फाटते. तेव्हा ताण मुळातच वाईट, असे समजणे बरोबर नाही. परीक्षेच्या आदल्या दिवशी विद्यार्थ्याला थोडी धाकधूक वाटली नाही तर तो पुस्तक उघडणार नाही. गाडी सुटण्याच्या वेळी पावले आपोआप भराभर पडतात, ती ह्याच ताणामुळे. अमेरिकेतील वॉल्टर कॅनन ह्या शरीरशास्त्रज्ञाने १९१५ मध्येच दाखवून दिले होते, की संकट समोर दिसताच शरीर लढण्यासाठी किंवा पळण्यासाठी सज्ज होते. ॲड्रिनॅलिन हे द्रव्य रक्तात मिसळते, हृदय जोराने चालू लागते, श्वास वाढतो, रक्त पोटाकडून स्नायूंकडे वळते. त्यामागोमाग कॉर्टिसॉल हे दुसरे द्रव्य शरीरातील साखर कामासाठी मोकळी करते. वाघ समोर आला असता ही व्यवस्था प्राण वाचविते.

अडचण एवढीच, की आजच्या संसारी माणसासमोर वाघ येत नाही. त्याच्यासमोर येते ती घराच्या कर्जाच्या हप्त्याची तारीख, वरिष्ठांचा रात्री दहा वाजता भ्रमणध्वनीवर आलेला निरोप, मुलाच्या प्रवेशाची चिंता, अंथरुणाला खिळलेल्या वडिलांचे औषधपाणी. ह्यांपैकी कशाशीही लढता येत नाही आणि कशापासून पळताही येत नाही. वाघ निघून जातो, हप्त्याची तारीख मात्र दरमहा परत येते. शरीर सज्ज होते ते तसेच सज्ज राहते. सेलींनी ह्या प्रवासाच्या तीन पायऱ्या सांगितल्या आहेत. पहिली धोक्याच्या इशाऱ्याची, दुसरी नेटाने तोंड देण्याची आणि तिसरी थकून जाण्याची. दुसऱ्या पायरीवर माणूस वरवर अगदी ठीक दिसतो, आणि म्हणूनच तीच सर्वांत फसवी असते. झोप तुटक होते, अन्न अंगी लागत नाही, लहानसहान गोष्टींवरून घरच्यांवर खेकसणे सुरू होते, रक्तदाब हळूहळू चढू लागतो, आणि तरीही विचारले असता उत्तर येते, "काही नाही, जरा दगदग झाली."

लोदी उद्यानातील सकाळची मंडळी पाहताना हे सारे मनात येते. कोणी भराभर चालत असतो, कोणी हिरवळीवर सतरंजी पसरून प्राणायाम करीत असतो, कोठे पाच-सात जणांचे हास्यमंडळ हात उंच करून मोठमोठ्याने हसत असते. पेन्शनर आहेत, अधिकारी आहेत, जवळच्या लोदी कॉलनीतील सरकारी घरांत राहणारे कर्मचारीही आहेत. ही वसाहत १९४०च्या दशकात सरकारी नोकरांसाठीच बांधली गेली. पाऊण तास गेला, की मंडळी घड्याळाकडे पाहू लागतात आणि आठाच्या सुमारास वाटा ओस पडतात. शहर त्यांना परत बोलावून घेते.

तेथेच एका बाकावर एक वृद्ध दांपत्य भेटले. मराठी बोलणे कानांवर पडले, म्हणून थांबून चौकशी केली. गृहस्थ मूळचे साताऱ्याकडचे, एका मंत्रालयात कारकून म्हणून लागलेले आणि अधीक्षक होऊन निवृत्त झालेले. मोकळेपणाने म्हणाले, "अहो, चौतीस वर्षे ह्याच रस्त्याने बसमधून कचेरीत जात होतो. भिंतीपलीकडे झाडे दिसायची, पण उतरावे असे एकदाही वाटले नाही. वाटायचे, उशीर होईल. छातीत दुखू लागले आणि डॉक्टरांनी चालायला सांगितले, तेव्हा कोठे ही बाग मला सापडली."

बाई ऐकून घेत होत्या. त्या हसून म्हणाल्या, "ह्यांना बाग सापडली हो, मला ती अजून रविवारचीच सापडते. इतर दिवशी सात वाजता नातवाचा डबा, साडेसातला सूनबाईचा. सूनबाई तरी काय करणार बिचारी, तिला पावणेआठची मेट्रो गाठायची असते."

गृहस्थ क्षणभर गप्प राहिले. मग आपल्या काठीकडे पाहत म्हणाले, "हे मात्र खरे आहे तुझे."

पुढे आणखी बोलणे झाले ते पावसाचे आणि भाज्यांच्या भावाचे. परंतु बाईंच्या त्या साध्या वाक्यात ताणाच्या प्रश्नाचे मर्म आले होते. एकाला मिळालेली सकाळची फेरी दुसऱ्याच्या स्वयंपाकघरातील घाईवर उभी असते. भार हलका झाला असे आपण म्हणतो, तेव्हा तो पुष्कळदा हलका झालेला नसतो, केवळ दुसऱ्याच्या डोक्यावर गेलेला असतो.

कचेरीतही हाच न्याय चालतो. सर्वसाधारण समजूत अशी, की जो जेवढा मोठ्या पदावर तेवढा त्याला ताण अधिक, आणि हृदयविकार हा साहेबांचा आजार. लंडनमधील व्हाइटहॉल ह्या सरकारी कचेऱ्यांच्या भागात १९६७ मध्ये सुरू झालेल्या एका पाहणीने ही समजूत पार उलथून टाकली. सुमारे १८,००० पुरुष कर्मचाऱ्यांची त्यात तपासणी झाली. १९७८ मध्ये मायकेल मार्मट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रसिद्ध केलेल्या निष्कर्षांनुसार, सर्वांत खालच्या श्रेणीतील कर्मचाऱ्यांत हृदयरोगाने होणाऱ्या मृत्यूंचे प्रमाण सर्वांत वरच्या श्रेणीच्या ३.६ पट होते. धूम्रपान, रक्तदाब इत्यादी कारणे जमेस धरूनही हा फरक पुरता उलगडत नव्हता. १९८५ साली १०,३०८ स्त्री-पुरुष कर्मचाऱ्यांची दुसरी पाहणी सुरू झाली. आपले काम केव्हा आणि कसे करावयाचे हे ठरविण्याची मुभा ज्यांना फारच थोडी असते, त्यांना हृदयरोगाचा धोका अधिक असतो, असे तीमधून दिसून आले.

लंडनचे आकडे दिल्लीस जसेच्या तसे लागू करता येणार नाहीत. परंतु त्यामागील विचार आपल्या ओळखीचा आहे. काम पुष्कळ आहे म्हणून माणूस खचत नाही. काम पुष्कळ आहे आणि त्यात आपले काहीच चालत नाही, असे वाटू लागले म्हणजे तो खचतो. दिवसभर इतरांच्या हुकुमाप्रमाणे धावणारा शिपाई आणि घरातील प्रत्येकाच्या वेळापत्रकाप्रमाणे धावणारी गृहिणी ह्यांची स्थिती ह्या बाबतीत सारखीच आहे.

मग उपाय काय? ह्याचे उत्तर शोधण्यास फार लांब जावयास नको. बड्या गुंबदाच्या आत उभे राहून वर पाहावे. खाली चौकोनी दालन आहे आणि वर गोल घुमट. चौकोनावर वर्तुळ बसविणे ही कारागिरांची मोठी कसोटी असते. त्यांनी चारही कोपऱ्यांत आडव्या कमानी टाकून चौकोनाचा अष्टकोन केला, अष्टकोनाच्या बाजू आणखी वाढवून त्याला वर्तुळाजवळ आणले आणि मग त्यावर घुमट चढविला. घुमटाचा भार कमानींवर, कमानींचा भार भिंतींवर आणि भिंतींचा भार जमिनीवर. कोठलाही एक दगड सारे वजन पेलीत नाही. पाचशेहून अधिक वर्षे हा घुमट उभा आहे. त्याचे वजन कमी झालेले नाही, ते नीट वाटले गेलेले आहे.

माणसाच्या संसारालाही हेच लागू पडते. आलम शाहप्रमाणे उठून बदायूंस जाणे आपल्यापैकी कोणाला शक्य नाही, आणि इब्राहिमप्रमाणे सगळे आपल्याच मुठीत धरण्याचा हट्ट विनाशाकडे नेतो. राहता राहिला मार्ग तो कारागिरांचा. घरातील कामांची एकदा सर्वांनी मिळून मोजदाद करावी. भाजी आणणे, डबे भरणे, वीजबिल भरणे, आजाऱ्याजवळ बसणे ही सारी कामे कोण करतो, ते कागदावर मांडावे. बहुतेक घरांत कागदाची एक बाजू गच्च भरलेली आणि दुसरी कोरी असल्याचे आढळून येईल. कचेरीतील वरिष्ठांनीही हाताखालच्या माणसाला कामाचा क्रम ठरविण्याची थोडी मोकळीक द्यावी आणि सुटीच्या दिवशी त्याला निरोप पाठविण्याचा मोह आवरावा. ह्याला पैसा लागत नाही.

स्वतःपुरते करण्यासारखेही पुष्कळ आहे. आठवड्यातून निदान १५० मिनिटे भराभर चालण्यासारखा मध्यम व्यायाम प्रौढांनी करावा, अशी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आहे. म्हणजे पाच दिवस रोज अर्धा तास. लढण्या-पळण्यासाठी सज्ज झालेल्या शरीराला चालण्याने त्याचे हक्काचे काम मिळते आणि मग ते निवते. श्वास सावकाश आत घ्यावा आणि त्याहून सावकाश सोडावा. उच्छ्वास लांबविला असता हृदयाची गती मंदावते, हे कोणीही आपल्या नाडीवर बोट ठेवून अनुभवू शकतो. झोपेची वेळ ठरलेली असावी आणि भ्रमणध्वनी उशाशी असू नये. तंबाखूने ताण उतरतो हा भ्रम आहे. उलट त्याने तो वाढतोच.

एवढे करूनही मन काळवंडलेलेच राहिले, कित्येक आठवडे झोप येईनाशी झाली, कशातच रस वाटेनासा झाला किंवा जगणे नकोसे वाटू लागले, तर ते मनाच्या दुबळेपणाचे लक्षण न मानता आजाराचे मानावे आणि विनाविलंब मदत घ्यावी. केंद्र सरकारने १० ऑक्टोबर २०२२ रोजी सुरू केलेल्या 'टेलि-मानस' ह्या सेवेच्या १४४१६ ह्या क्रमांकावर कोणत्याही वेळी विनाशुल्क बोलता येते, आणि मराठीतूनही बोलता येते. छातीत दुखते म्हणून डॉक्टरकडे जाण्यात आपल्याला संकोच वाटत नाही. मन दुखते म्हणून जाण्यातही तो वाटण्याचे कारण नाही.

उद्यानाच्या उत्तरेकडील फाटकाजवळ एक जुना दगडी पूल आहे. अकबराच्या काळातील हा पूल आठ खांबांवर उभा असल्यामुळे त्याला अठपुला म्हणतात. पूर्वी यमुनेस मिळणाऱ्या एका ओढ्यावर तो होता. आता त्याच्या सात कमानींखाली उद्यानातील तळे आहे आणि त्यात बदके पोहत असतात. सकाळच्या फेरीचा शेवट येथे करावा हे उत्तम. कठड्याशी दहा मिनिटे उभे राहिल्यास कोणाचीच हरकत नसते.

लोदी उद्यान पाहण्यास फेब्रुवारी आणि मार्च हे महिने सर्वांत चांगले. तेव्हा थंडीचा कडाका ओसरलेला असतो, फुलांचे वाफे भरलेले असतात आणि उन्हाचा ताप सुरू व्हावयाचा असतो. सूर्योदयाच्या सुमारास जावे, शिदोरी आदल्या रात्रीच बांधून ठेवावी, आणि घरातील ज्या व्यक्तीला सकाळची सवड कधीच मिळत नाही, तिला आग्रहाने बरोबर न्यावे.